ऋषींच्या हंडीतला मका

गणपती बसले, मोदकांची पंगत उठली, की मुंबईत दादर-गिरगावच्या भाजीवाल्यांकडे दुसऱ्या दिवसाची गर्दी सुरू होते. त्या संध्याकाळी गिऱ्हाईक जुडी किंवा किलो मागत नाही, वाटा मागते. एका वाट्यात अळूची पाने आणि देठ, लाल माठाचे जाड देठ, सुरणाची फोड, लाल भोपळ्याची फोड, पडवळाचा तुकडा, एखादे शिराळे, चार भेंड्या, मूठभर चवळीच्या शेंगा, ओल्या भुईमुगाच्या शेंगा, अंबाडीची पाने, एक रताळे आणि मक्याचे कणीस. ऋषिपंचमीच्या भाजीचा हा सगळा ऐवज. दुसऱ्या दिवशी तो एकाच हंडीत शिजतो; तेल नाही, मसाला नाही, कांदा-लसूण नाही, फोडणीही नाही.

ऋषी रानात राहून जे खात ते हे, अशी या भाजीची ओळख घरोघर करून दिली जाते. कश्यप, अत्री, भरद्वाज, विश्वामित्र, गौतम, जमदग्नी, वसिष्ठ आणि त्यांच्यासोबत अरुंधती यांची पूजा करून हे जेवण होते. आणि त्याच पानात मेक्सिकोचा मका असतो, अमेरिका खंडातला लाल भोपळा आणि रताळे असते, दक्षिण अमेरिकेचा भुईमूग असतो, चवीपुरती ठेचलेली हिरवी मिरची असते. यांतली एकही वनस्पती ज्ञानेश्वरांच्या काळी कोकणातल्या परसात उगवत नव्हती. पावसाळा सरताना, शरद तोंडावर असताना शिजणारी ही साधी पालेभाजी-कंदभाजी म्हणजे दोन जगांचे स्वयंपाक एकत्र आल्याची खूण आहे. आणि हे एकत्र येणे कुणाच्या हुकमाने झालेले नाही. व्रताच्या नियमातच त्याला वाट होती.

नियम असा, की त्या दिवशी बैलाच्या कष्टाचे काही खायचे नाही. नांगरलेल्या जमिनीतले धान्य वर्ज्य. मग उरते ते रानात आपोआप उगवलेले, परसात हाताने लावलेले, कुदळीने खणलेले. धर्मशास्त्राचा इतिहास लिहिताना पां. वा. काणे यांनी या व्रताचा विचार केला आहे. आज ते बायकांचे मानले जात असले तरी मुळात ते पुरुषांसाठीही होते, हे त्यांनी दाखवले. नांगरटीचे अन्न टाळण्याची कल्पना तर व्रताहूनही जुनी. मनुस्मृतीत वानप्रस्थाने नांगरलेल्या जमिनीत पिकलेले खाऊ नये, असे सांगितले आहे. नीवार म्हणजे रानतांदूळ, श्यामाक म्हणजे सावा, शिवाय कंद, मुळे, फळे हा वनवाशांचा आहार. ऋषिपंचमीला वरीचे तांदूळ किंवा पाणथळीत आपोआप उगवणारा देवभात शिजतो, तो याच परंपरेतून आलेला.

श्रावण-भाद्रपदाच्या कहाण्यांत ऋषिपंचमीची कहाणी सगळ्यांत कठोर आहे. एका ब्राह्मणाच्या बायकोने विटाळ पाळला नाही, म्हणून पुढच्या जन्मी ती कुत्री झाली आणि तिच्या संसर्गाने नवरा बैल झाला. दोघे आपल्याच मुलाच्या दारी आले. श्राद्धाच्या दिवशी खिरीत सापाने विष ओकले. कुत्रीने ते पाहिले आणि सगळे मरतील म्हणून पातेल्याला तोंड लावले. सुनेने तिला जळक्या लाकडाने मारले. रात्री गोठ्यात तिने बैलाला दुःख सांगितले, तर बैलाने आपले सांगितले: दिवसभर औताला जुंपले, तोंड बांधले, चाबूक मारले, चारापाणी दिले नाही. मुलाने ते ऐकले, तो ऋषींकडे गेला आणि ऋषींनी त्याला हे व्रत सांगितले.

पाळीला पाप ठरवणारा या कहाणीतला भाग आज स्वीकारण्याजोगा नाही, आणि तो बाजूला ठेवून ही भाजी करणारी घरे आता पुष्कळ आहेत. पण बैलाचा भाग मनात राहतो. आईबाप ज्या जनावराच्या रूपात दारात उभे आहेत, त्याच्या मानेवरचे जू एक दिवस उतरवायचे, एवढेच त्या पानाचे म्हणणे आहे. तेल का नाही, याचेही उत्तर तिथेच सापडते. तीळ, करडई नांगरटीच्या शेतातले, आणि तेलाचा घाणा ओढणारा पुन्हा बैलच. उसाच्या चरकालाही बैल जुंपले जात. कडक पाळणाऱ्या घरांत म्हणून गूळही टाळतात. मीठ मात्र चालते, कारण मिठागर माणसाच्या हातांवर चालते. नारळ चालतो, तो झाडाचा. एकेक जिन्नस लावून पाहिला की नियम किती काटेकोर आहे ते कळते.

आता हाच नियम मक्याला लावून पाहावा. मका कुठल्या देशातून आला, हे नियम विचारतच नाही. तो कुठे उगवला आणि कुणाच्या कष्टाने उगवला, एवढेच विचारतो. कोकणात भात खाचरात होतो, तिथे नांगर आणि चिखलणी आली. नाचणी-वरी डोंगरउताराच्या वरकस जमिनीवर. आणि घराच्या मागे, विहिरीच्या किंवा मोरीच्या पाण्यावर, बाईच्या हाताखाली परसबाग. तिथे अळू, सुरण, माठ, पडवळाचा वेल, केळी, दोन मिरचीची रोपे. मिरगाच्या पावसावर कुंपणालगत टोचलेले मक्याचे दाणे भाद्रपदापर्यंत कोवळ्या कणसांवर येतात. बैलाचा पाय तिथे पडलेला नसतो. मग ते कणीस ऋषींच्या हंडीत जायला हरकत कुणाची?

ते परसापर्यंत कसे पोचले, ही मात्र समुद्रावरची गोष्ट आहे. १४९८ मध्ये वास्को द गामा कालिकतला उतरला. त्यानंतर दोनच वर्षांनी काब्रालचा ताफा भारताकडे येताना ब्राझीलच्या किनाऱ्याला लागला आणि तिथून पुढे कालिकतला आला. पोर्तुगालच्या एकाच राजाची जहाजे अटलांटिकच्या पलीकडे आणि अरबी समुद्रात अशी दोन्हीकडे फिरू लागली. १५१० मध्ये अल्बुकर्कने गोवा घेतला. १५२१ च्या सुमारास चौलला पोर्तुगीजांचा किल्ला उभा राहिला, १५३४ मध्ये वसई त्यांच्याकडे आली आणि १७३९ मध्ये चिमाजी आप्पांनी ती जिंकेपर्यंत त्यांच्याकडेच राहिली. म्हणजे दोनशे वर्षे कोकणपट्टीवर पोर्तुगीज वसाहती मण्यांसारख्या ओवलेल्या होत्या. रेवदंड्याच्या खाडीपलीकडच्या कोर्लईत आजही पोर्तुगीज मिसळलेली बोली बोलली जाते. भाषा जिथे घरात शिरली, तिथे बी-बियाणे शिरले नसते तरच नवल.

बियाण्याचा प्रवास भाषेपेक्षा सोपा. खलाशाच्या खिशातून, मठाच्या बागेतून, नोकराच्या हातून ते कुंपण ओलांडते. डच अधिकारी व्हान ऱ्हीड याने कोचीनला तयार करवलेल्या 'होर्तुस मलबारिकुस' या ग्रंथाचा पहिला खंड १६७८ मध्ये छापून झाला. त्याच्या कामात इट्टी अच्युतन या मल्याळी वैद्याबरोबर रंगभट, विनायक पंडित आणि अप्पू भट हे कोकणी वैद्य होते. गोव्यातून दक्षिणेला गेलेल्या समाजातली ही माणसे, आणि त्यांची नागरी लिपीतली साक्ष ग्रंथात छापलेली आहे. मलबारच्या वनस्पतींच्या या ग्रंथात काजू, पपई, पेरू आणि अननस आहेत. अमेरिकेहून आलेली ही झाडे पावणेदोनशे वर्षांत तिथल्या आवारांत इतकी रुळली होती, की स्थानिक वनस्पतींच्या रांगेत त्यांची चित्रे काढली गेली.

मक्याची कुळकथा सगळ्यांत जुनी. मेक्सिकोच्या नैर्ऋत्येला बाल्सास नदीच्या खोऱ्यात, सुमारे नऊ हजार वर्षांपूर्वी, तेओसिंते नावाच्या रानगवतापासून माणसाने तो घडवला. हाताने सोलून पेरल्याशिवाय मका स्वतःचा वंश चालवू शकत नाही, इतका तो माणसावर अवलंबून आहे. भारतात तो कोलंबसाच्या आधीच होता असा एक दावा मात्र झाला, आणि तो महाराष्ट्राच्या शेजारूनच. कर्नाटकातले सोमनाथपूरचे केशव मंदिर तेराव्या शतकातले, होयसळांच्या काळचे. तिथल्या मूर्तींच्या हातांत दाणेदार, निमुळती होत जाणारी एक वस्तू आहे. कार्ल योहानसेन आणि ॲन पार्कर या अमेरिकी अभ्यासकांनी १९८९ मध्ये ती मक्याची कणसे आहेत असे मांडले. त्याला भारतीय अभ्यासकांनीच हरकत घेतली. मक्यावर हयात घालवलेले पायक आणि सचान यांनी ते मानले नाही. आणखी काहींनी ते मोत्यांनी मढवलेले कल्पित फळ असावे असे सुचवले. फोटो पाहताना कणसाचा भास होतो हे खरेच. पण उत्खननात त्या काळचा मक्याचा दाणा वा परागकण निर्विवादपणे हाती लागलेला नाही, आणि जे पीक खाल्ले जाते ते चुलीच्या राखेत सापडतेच. दगडातल्या साम्यावर एवढे मोठे घर बांधता येत नाही.

मिरचीच्या बाबतीत तर जुन्या ग्रंथांची साक्ष आहे. कल्याणीच्या चालुक्यांचा राजा तिसरा सोमेश्वर याने बाराव्या शतकात 'मानसोल्लास' लिहिला. त्यात राजाच्या भोजनाचा मोठा भाग आहे. मांसाचे प्रकार, वडे, मांडे, दह्या-ताकाचे पदार्थ, सगळे तपशिलाने आले आहे. तिखटपणासाठी तिथे मिरी आहे, आले आहे, मिरची नाही. बटाटा नाही, मका नाही. पुण्याच्या भांडारकर प्राच्यविद्या संशोधन मंदिराचे अभिरक्षक प. कृ. गोडे यांनी पोथ्यांच्या आधाराने रोजच्या खाण्यापिण्याचा इतिहास शोधायला घेतला, तेव्हा या विषयाला मराठी माणसाने पहिल्यांदा खरी प्रतिष्ठा दिली. राजांच्या लढायांइतकेच मक्याच्या कणसाच्या तारखेला महत्त्व आहे, हे त्यांच्या कामाकडे पाहिले की पटते.

लाल भोपळ्याची जागा जरा नाजूक आहे. भारतातली जुनी फळभाजी म्हणजे कोहळा, दुधी, पडवळ, दोडका, कारले, काकडी. यांतला कोहळा धर्मकृत्यांत रुजलेला. वास्तूला, दृष्ट काढायला, दारावर टांगायला आजही कोहळाच लागतो, लाल भोपळा तिथे चालत नाही. पण हंडीत लाल भोपळ्याने बाजी मारली. त्याला कारण स्वयंपाकाचे आहे. कोहळा शिजला की पाणी सोडतो आणि स्वतः जवळजवळ बेचव राहतो. लाल भोपळा शिजला की विरघळून रसाला दाटपणा आणि गोडी देतो. ज्या भाजीत तेल नाही, पीठ नाही, डाळ नाही, तिला अंगचा दाटपणा देणारी वस्तू सोन्याच्या मोलाची. सुगरणींनी ते एकदा चाखल्यावर परत मागे वळून पाहिले नसणार.

रताळे आणि भुईमुगाबद्दल फार सांगायला नको, कारण उपासाच्या फराळाने दोघांनाही केव्हाच आपले केले आहे. उपासाचे ताट पाहिले तर ऋषींच्या हंडीहून ते जास्त अमेरिकन आहे: बटाटा, रताळे, दाण्याचे कूट, मिरची, आणि साबुदाणा तर दक्षिण अमेरिकेच्या कसावा कंदाचा, जो तमिळनाडूतल्या सेलमच्या कारखान्यांतून विसाव्या शतकाच्या चाळिशीपासून येऊ लागला.

इथे एक गोष्ट थांबून पाहण्याजोगी आहे. मेक्सिकोच्या शेतकऱ्यांची जुनी पद्धत म्हणजे मिल्पा. एकाच तुकड्यात मका, घेवडावर्गी शेंगा आणि भोपळा लावायचा. मक्याच्या ताटावर शेंगांचा वेल चढतो, शेंगांच्या मुळांवरचे जिवाणू हवेतला नत्र जमिनीत आणतात, भोपळ्याची रुंद पाने जमीन झाकून ओल धरतात आणि तण दाबतात. मिरचीही तिथेच कुठेतरी असते. ही मंडळी समुद्र ओलांडून आली ती वेगवेगळी. कुणी आफ्रिकेच्या पश्चिम किनाऱ्यावरून, कुणी थेट ब्राझीलहून, आणि त्यांच्यासोबत मिल्पाचे ज्ञान आले नाही. तरीही कोकणच्या परसात मक्याच्या ओळीजवळून भोपळ्याचा वेल पसरला, आणि शेंगांचे काम आफ्रिकेतून फार पूर्वी आलेल्या चवळीने उचलले. भाद्रपदात ही सगळी एकत्र शिजली. मेक्सिकोतल्या ओआहाकाच्या शेतकरणीने ही हंडी उघडली, तर निम्म्या भाज्या तिला नावानिशी ओळखता येतील आणि अळू-सुरण पाहून ती नवल करील.

गोव्यात हीच कथा अधिक तीव्र होते, कारण तिथे बियाणे आणणारे आणि देवळे पाडणारे हात एकच होते. साष्टी आणि बार्देशातली देवळे सोळाव्या शतकात पाडली जाऊ लागली. १५६० मध्ये गोव्यात इन्क्विझिशन आले. त्याच सुमारास कुशस्थळीचा मंगेश जुवारी नदी ओलांडून प्रियोळला नेला गेला, केळशीची शांतादुर्गा कवळ्याला, वेर्ण्याची म्हाळसा म्हार्दोळला. हा अंत्रूज महाल, आजचा फोंडा तालुका, तेव्हा आदिलशाहीत होता. पोर्तुगीजांच्या हाती तो गेला १७६३ मध्ये. पाठीमागे राहिलेल्या आणि धर्मांतर केलेल्या लोकांच्या चुलीवरही नजर होती. अ. का. प्रियोळकरांनी इन्क्विझिशनवरच्या आपल्या ग्रंथात १७३६ चा जाहीरनामा दिला आहे. नवख्रिस्त्यांनी पाळू नयेत अशा चालीरीतींच्या त्या लांब यादीत, हिंदूंप्रमाणे मीठ न घालता भात शिजवणे हेही आहे. भाताच्या मिठावरून माणसाचा धर्म ओळखायचा, इथपर्यंत सत्ता स्वयंपाकघरात आली होती.

आणि तरी त्याच फोंड्यात, त्याच देवांपुढे, आज चतुर्थीला खतखते येते. खतखते म्हणजे गोव्याच्या आणि सिंधुदुर्गाच्या सारस्वत घरांतली अनेक भाज्यांची ओलसर, दाटसर आमटीवजा भाजी. तूरडाळ मऊ शिजवून घ्यायची. त्यात सुरण, कच्चे केळे, मुळा, शेवग्याच्या शेंगा, लाल भोपळा, रताळे, मक्याच्या कणसाचे तुकडे. ओले खोबरे, हळद आणि सुक्या लाल मिरच्या एकत्र वाटून ते वाटप लावायचे. गूळ, आमसूल किंवा चिंच. शेवटी बिया काढून ठेचलेली तिरफळे, सह्याद्रीच्या काटेरी झाडाची ती फळे, ज्यांचा वास लिंबाच्या सालीसारखा आणि चव जिभेला झिणझिण्या आणणारी. कांदा-लसूण नाही, आणि फोडणीही नाही. डाळ असल्यामुळे हे ऋषींच्या पानात बसत नाही, पण नैवेद्याच्या पानात बसते.

देव रात्रीतून नदीपार नेणाऱ्या समाजाने शत्रूच्या जहाजातून आलेला मका आणि मिरची देवापुढे ठेवली, यात लाज वाटण्यासारखे काही नाही आणि पराभवही नाही. धर्मावर घाला घालणाऱ्याला नकार दिला गेला. झाडाला नकार देण्याचे कारण नव्हते. झाड ज्या मातीत रुजले ती माती आपली होती. हा विवेक कुठल्या पंडितसभेत झाला नाही. तो परसात आणि चुलीपुढे झाला, आणि करणाऱ्यांची नावे कुठे लिहिलेली नाहीत.

नदीच्या अलीकडे, ख्रिस्ती झालेल्या गोव्यानेही हंगाम सोडला नाही. राय गावात ५ ऑगस्टला आणि ताळगावला २१ ऑगस्टला कणसाचे फेस्त होते. भाताची नवी लोंबी कापून चर्चमध्ये तिला आशीर्वाद दिला जातो. हिंदू घरांत थोड्याच दिवसांनी गणपतीवर माटोळी बांधली जाते, लाकडी चौकटीला रानातली फळे, सुपारीचे घड, नारळ, चिबूड, काकड्या लटकतात. पावसाने दिलेले आधी देवापुढे, मग आपल्या तोंडात, हे दोन्हीकडे सारखेच.

या हंड्यांमध्ये काय शिरले नाही, हेही तितकेच बोलके आहे. टोमॅटो नाही. कोबी, फ्लॉवर नाही. गाजर नाही. फ्लॉवरचे बी भारतात १८२२ मध्ये इंग्रजांच्या हातून आले. टोमॅटोही इंग्रजी अमदानीतच पसरला. या भाज्या परसाच्या वाटेने आल्या नाहीत, बाजाराच्या वाटेने आल्या. शिवाय कोबी, फ्लॉवर, गाजर ही थंडीची पिके, भाद्रपदात कोकणात ती येणार कुठून? बटाटा तर त्यांच्या खूप आधी आलेला. १६१५ नंतर इंग्रज वकील थॉमस रो याच्या पदरी असलेला पाद्री एडवर्ड टेरी याने मोगल दरबारच्या मेजवानीत 'पोटॅटो' खाल्ल्याचे लिहिले आहे, मग तो बटाटा असो की रताळे. पण बटाटा घाटावर थंडीत, नांगरटीच्या शेतात पिकतो. म्हणून उपासाला राजा झालेला बटाटा ऋषींच्या हंडीपाशी घुटमळतो. काही घरांत घालतात, जुन्या घरांत नाही. हंडीचे दार बंद कधीच नव्हते, पण ते हंगामाच्या बाजूने उघडत होते.

करायला ही भाजी अवघड नाही, घाई मात्र चालत नाही. सुरण आणि अळू चिरताना हाताला चिंचेचे किंवा आमसुलाचे पाणी लावून घेतात. या दोन्हींत कॅल्शियम ऑक्झलेटचे सुईसारखे स्फटिक असतात, ते कातडीला आणि घशाला टोचतात आणि खाज येते. आंबटपणा आणि भरपूर शिजवणे हा त्यावरचा जुना उतारा. अळूचे देठ सोलून दोन बोटांएवढे तुकडे, माठाचे देठही तसेच. कणसाचे जाड चकत्यांसारखे तुकडे. हंडीच्या तळाला सुरण, कणीस आणि शेंगदाणे, त्यावर रताळे, केळे, माठाचे देठ, मग भोपळा, पडवळ, शिराळे, भेंडी, आणि सगळ्यांत वर चिरलेली पाने. पाणी थोडेच घालायचे, कारण पडवळ, शिराळे आणि पाने आपले पाणी सोडतात. झाकणावर पाणी ठेवून मंद आचेवर शिजू द्यायचे, मध्ये फार ढवळायचे नाही, नाहीतर भोपळा आधीच मोडतो. सुरणात सुरी सहज गेली की मीठ, ठेचलेली हिरवी मिरची, आंबटपणाला अंबाडी किंवा चिंचेचा कोळ. उतरताना मूठभर ओले खोबरे. काही घरांत पानात वाढल्यावर साजूक तूप, काही घरांत तेही नाही.

आरोग्याच्या अंगाने पाहिले तर या साधेपणात शहाणपण भरपूर आहे. तेल नाही म्हणताना स्निग्धता गेलेली नाही, ती खोबऱ्यात आणि दाण्यात आहे. आणि भोपळ्या-माठातले बीटा कॅरोटिन शरीराला घेता यायला थोडी स्निग्धता लागतेच. पावसाने मंदावलेल्या पचनाला मऊ शिजलेल्या भाज्या झेपतात. पावसात साठलेले पित्त शरदाच्या उन्हाने खवळते, असे चरकसंहिता ऋतुचर्येत सांगते आणि हलके, थंड गुणाचे अन्न सुचवते. मसाल्याविना शिजलेली हंडी त्या सल्ल्याच्या फार जवळ आहे, तिच्यातली परदेशी पाहुणी मिरची जपून घातली तर.

आज परसच कमी झाले. मुंबईतल्या वाट्यातले सुरण शेतातले असते, भेंडी तर नक्कीच. बैल मात्र तिथेही क्वचितच असतो, ट्रॅक्टरने त्याची जागा घेतली आहे. नियमाचा शब्द पाळला जातो आहे आणि ज्याच्यासाठी नियम होता तो बैल गावातून नाहीसा होतो आहे. दुसरीकडे, राज्याचा कृषी विभाग पावसाळ्यात रानभाजी महोत्सव भरवतो आणि तिथे शहरातली माणसे टाकळा, कुरडू, भारंगी शोधत येतात. व्रत न पाळणाऱ्या घरांतही ही भाजी आता आवडीने होते.

वाट्यातले कणीसही बदलले आहे. कोकणातला देशी पांढरा मका, घट्ट दाण्याचा आणि कमी गोडीचा, शहरात मिळेनासा झाला आणि त्याच्या जागी पिवळा स्वीटकॉर्न आला. अमेरिकेचा मका या हंडीत दुसऱ्यांदा आला म्हणायचा. तो साखरेसारखा गोड असल्यामुळे भोपळा आणि रताळ्याबरोबर भाजी फार गोडसर होते, म्हणून जाणत्या बायका रताळे निम्मे करतात आणि अंबाडी वाढवतात. देशी कणसाचे तुकडे सुरणाबरोबर तळाला जात; स्वीटकॉर्न तिथे टाकला तर दाणे फुटतात, तो पानांच्या थोडा आधी, शेवटच्या दहा मिनिटांत घालावा लागतो.